चौकटीच्या कडेची लेकरं

माहितीपट काढायचा म्हणून माझ्याकडे येणाऱ्या पोरापोरींना मी आधी रिद्धपूरला जाऊन यायला सांगतो. मोर्शी तालुक्यातलं गाव, अमरावतीहून तास-सव्वा तासाची वाट. पोरं विचारतात, तिथे काय शूट करायचं? काहीच नाही, म्हणतो मी. वाजेश्वरी नावाच्या ठिकाणी बसायचं आणि म्हाइंभटाचा विचार करायचा.

म्हाइंभट सराळ्याचा. विद्वान, पैशाअडक्याने बरा, महानुभाव पंथाच्या चक्रधरस्वामींशी वाद घालायला गेला आणि त्यांचाच होऊन बसला. स्वामी निघून गेल्यावर सगळी मंडळी रिद्धपुरात स्वामींच्या गुरूंच्या, गोविंदप्रभूंच्या सेवेत राहिली. तिथे स्वामींचे शिष्य नागदेवाचार्य एकांतात बसून स्वामींच्या आठवणी मनात घोळवत असत. हा माणूस गेला की आठवणीही जातील, हे म्हाइंभटाने ओळखलं आणि विचारायला, लिहून घ्यायला सुरुवात केली. एवढ्यावर थांबला असता तर भक्त म्हणून त्याचं नाव राहिलं असतं. पण तो उठला आणि गावोगाव हिंडला. ज्या प्रसंगाला जो हजर होता त्याच्या तोंडून तो प्रसंग पुन्हा ऐकला, पडताळला, मग लिहिला. तेराव्या शतकाच्या अखेरीस असं 'लीळाचरित्र' उभं राहिलं. पुढे खिलजीच्या फौजांच्या धामधुमीत मूळ पोथी हरवली अशी परंपरा आहे. शिष्यांनी ती आपापल्या आठवणीतून पुन्हा बांधली. साहजिकच कोणाला एक आठवलं, कोणाला दुसरं. आणि इथे त्या लोकांनी जे केलं त्याला तोड नाही: त्यांनी भांडण मिटवलं नाही. अमक्याच्या मते असं, तमक्याच्या मते तसं, असे पाठभेद पोथीत तसेच ठेवले. मग ती सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत कुलूपबंद झाली आणि विसाव्या शतकाच्या सुरुवातीला वि. का. राजवाड्यांनी लिपीची किल्ली लावेपर्यंत बाहेरच्यांना तिच्यातलं अक्षर कळत नव्हतं. १९७८ मध्ये वि. भि. कोलत्यांचं संपादन छापून आलं, तेव्हाही पंथातल्या काहींनी मोठा विरोध केलाच. आतल्या माणसाने आतल्यांसाठी केलेली नोंद बाहेर आली की असं होतं. सातशे वर्षं जुनी असली तरी होतं.

मी महानुभाव नाही, आणि त्या पंथाला मी आजच्या बुवा-बापूंच्या पंगतीत बसवत नाही. ज्या काळात बाईला आणि शूद्राला मोक्षाची वाट बंद होती त्या काळात त्यांनी ती मराठीतून मोकळी केली. स्वामींची शिष्या महदाइसा तर प्रश्न विचारण्यासाठीच प्रसिद्ध. मला घ्यायची आहे ती त्यांची पद्धत. एक मात्र खरं, की त्या नोंदीत बोलतात ती बहुतेक आपल्या पायांनी आलेली मोठी माणसं. घरदार, गाव, नातलग सोडायचे हा तिथला कडक नियम, आणि तो त्यांनी समजून-उमजून पत्करला होता. ज्याला कोणी विचारलंच नाही, आईबापाच्या कडेवर बसून जो आला, त्याची गोष्ट निराळी. माझा विषय तो आहे.

माझा धंदा सांगतो. मी अकोल्याचा, व्हिडिओ शूटिंगवाला. ऐंशीच्या दशकाच्या शेवटी या धंद्यात पडलो तेव्हा खांद्यावर पॅनासॉनिकचा व्हीएचएस कॅमेरा असायचा. सोबत सनगन धरणारा एक पोरगा आणि मागे वायर सांभाळणारा दुसरा. लग्नं, बारशी, साखरपुडे हा पोटापाण्याचा भाग. पण लग्नसराई संपली की हंगाम सुरू व्हायचा सप्ताहांचा, सत्संगांचा, पादुकापूजनांचा. अकोट, तेल्हारा, दर्यापूर, अंजनगाव, मूर्तिजापूर, कुठे नाही गेलो? त्या कामात पैसे रोख मिळत आणि जेवण उत्तम. सूचनाही ठरलेल्या. महाराजांचे चरण जवळून घ्या. गर्दी मोठी दिसली पाहिजे, म्हणून ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर चढून मंडप घ्या. आणि शेवटी हमखास: लेकरं घ्या. एका रंगाच्या कपड्यांत ओळीने बसलेली, हात जोडलेली, तोंडपाठ म्हणणारी लेकरं. प्रत्येक संस्थेला कॅसेटमध्ये ती हवी असतात. लेकरांवरून बघणाऱ्याला वाटतं, इथे चांगलंच चाललं असणार.

कॅमेऱ्यातून मला दिसायचं ते थोडं वेगळं. ओळीतलं एखादं पेंगायचं, एखादं मागे वळून कोणाला तरी शोधायचं. मागून एक हात यायचा आणि मान सरळ करायचा. संकलनात हे कापायचं असतं. कापायचोही. पण कापण्याआधीची मूळ टेप मी पुसत नसे. यात तत्त्वबित्त्व काही नव्हतं. मूळ टेप मागायला गिऱ्हाईक कधीही परत येऊ शकतं, एवढंच.

अमरावतीची एक मुलगी अशीच आली. अंबापेठेत खोली करून राहणारी, नोकरी करणारी, पंचविशीची. तिचं नाव, तिच्या आईबापाच्या त्या महाराजांचं नाव आणि त्या गावाचं नाव मी इथे लिहीत नाही. लेख तिचा नाही आणि ठरवायचं तिला आहे. ती चार वर्षांची असताना आईबाप घर विकून तिथे राहायला गेले. आजी-आजोबांकडे जाणं बंद झालं, कारण ती 'संसारी' माणसं. शाळा सुटली, कारण बाहेरचं शिक्षण म्हणजे अहंकार. दर गुरुवारी वहीत आपल्या चुका लिहून द्यायच्या आणि शेजारच्या मुलाच्याही. वही वाचून शिक्षा ठरे. शिक्षा म्हणजे बहुधा अबोला. आईसुद्धा बोलायची नाही. सोळाव्या वर्षी एक मावशी तिला घेऊन गेली तेव्हा तिला एसटीचं तिकीट काढता येत नव्हतं.

'काका, तुमच्यापाशी आमच्या उत्सवाची कॅसेट असन ना?' हा तिचा पहिला प्रश्न. कॅसेट होती. वऱ्हाडातल्या उन्हाळ्याने आणि पावसाळ्याने व्हीएचएसवर बुरशी धरते, पांढरी, पिठासारखी. ती साफ करून, जुना प्लेयर दुरुस्त करून आम्ही टेप लावली. दुसऱ्या ओळीत, चौकटीच्या अगदी कडेला, ती होती. 'हे मीच आहो,' म्हणाली आणि पुढचा अर्धा तास पडद्याकडे बघत राहिली, महाराज काय बोलतात ते न ऐकता. मग विचारलं, 'असं आधी कोनी केलं आहे का? म्हणजे आतल्या लेकरानं, मोठं होऊन?'

केलं आहे. आणि त्यातलं सगळ्यात गाजलेलं प्रकरण आपल्याच राज्यातलं, पुण्याचं आहे.

महाराष्ट्र एक्सप्रेस अकोल्याहून पुण्याला जाते. फिल्म अर्काइव्हच्या उन्हाळी रसास्वाद वर्गासाठी मी तीच गाडी पकडून गेलो होतो. रविवारी सुट्टी, म्हणून काही जण कोरेगाव पार्क बघायला गेलो. झगे घातलेले गोरे लोक सायकलींवर. आमच्यातला एक जण सारखा म्हणत होता, 'यांचं बरं आहे बाप्पा.' त्या झग्यांमध्ये लेकरं आहेत की नाहीत हे बघायचं आम्हाला सुचलंही नाही. रजनीशांनी तिथला आश्रम मार्च १९७४ मध्ये सुरू केला. १९८१ मध्ये ते अमेरिकेला गेले. ओरेगॉनात चौसष्ट हजार एकरांच्या जागेवर शहर वसवायचा खटाटोप झाला, १९८५ मध्ये तो कोसळला. १९८७ मध्ये ते पुण्यात परतले आणि जानेवारी १९९० मध्ये वारले. या सगळ्या काळात त्या मंडळींइतकं स्वतःचं चित्रण क्वचितच कोणी केलं असेल. प्रवचन ध्वनिमुद्रित, नंतर व्हिडिओवर. भेटींच्या नोंदी पुस्तकांत. बाहेरचे कॅमेरेही आले. वोल्फगांग दोब्रोवोल्नी या जर्मन दिग्दर्शकाने 'आश्रम इन पूना' हा माहितीपट १९७९ मध्ये केला, तोही आत शिरून. एन्काउंटर गटांत उघडी-नागडी माणसं एकमेकांवर ओरडतात, मारतात, रडतात, हे त्यात दिसलं आणि जगभर बोभाटा झाला. तो सगळा बोभाटा मोठ्यांचा होता. मोठी माणसं स्वतःला शोधत असताना त्यांची लेकरं दिवसभर कोणाबरोबर असतात, हा प्रश्न चित्रपटाचा नव्हता आणि वर्तमानपत्रांचाही नव्हता.

उत्तर यायला २००४ साल उजाडलं. त्या एकाच वर्षी दोन गोष्टी आल्या. टिम गेस्ट या इंग्रज लेखकाने आपल्या लहानपणाचं पुस्तक छापलं. आई त्याला घेऊन पुण्याला आली होती, आणि पुढे इंग्लंडातलं सफोक, ओरेगॉन, जर्मनी अशा वसाहतींमध्ये तो वाढला. मुलं सगळ्यांची, म्हणून कोणाचीच नाहीत, अशी ती व्यवस्था. तो तरुणपणीच, २००९ मध्ये गेला. आणि नेदरलँड्समध्ये मारुशा पेरिझोनियस हिने 'कम्यूनकिंड' म्हणजे वसाहतीतलं मूल हा माहितीपट केला. तीसुद्धा आईबरोबर आत गेलेली, आतच वाढलेली. कॅमेरा तिच्या हातात होता आणि समोर तिची आई होती.

मी त्या मुलीला हे सांगितलं तेव्हा तिला आधी बरं वाटलं. मग तिने ओरेगॉनातल्या त्याच वसाहतीवरची, २०१८ ची 'वाइल्ड वाइल्ड कंट्री' ही सहा भागांची मालिका बघितली आणि चिडून आली. मालिका मोठी देखणी आहे, एमी पुरस्कार मिळालेली. जुनं चित्रण सापडलं, ते इतकं भरपूर आणि इतकं नाट्यमय की दिग्दर्शक वे बंधूंनी त्याचाच रथ केला: रजनीशांची सचिव शीला, बंदुका, सॅलडमध्ये घातलेले जंतू, वकील, एफबीआय. लेकरं तिथेही कडेलाच. कारण साधं आहे. संस्थेच्या आणि टीव्हीच्या चित्रणात जे होतं ते मालिकेत आलं. ज्याच्यावर कॅमेरा कधी रोखलाच नव्हता ते येणार कुठून? अर्काइव्हवर जगणाऱ्या माणसाने हे लक्षात ठेवावं, आणि मीही ठेवतो: टेप फक्त शूटिंग करायला सांगणाऱ्याचीच बाजू सांगते. पुढे २०२४ मध्ये पेरिझोनियस आणि अ‍ॅलिस मॅकशेन यांनी मिळून 'चिल्ड्रन ऑफ द कल्ट' केला. त्यात त्या वसाहतींमध्ये वाढलेल्या बायका नावानिशी, चेहऱ्यानिशी सांगतात की कोवळ्या वयात मोठ्या पुरुषांनी त्यांचा वापर केला आणि मुक्तीच्या नावाखाली सगळ्यांनी ते चालू दिलं. पुण्यात आश्रम सुरू झाल्याला तोवर पन्नास वर्षं झाली होती.

इथे तिने मला पेचात टाकलं. म्हणाली, तेव्हाच कोणी विचारलं असतं तर? लेकरालाच?

विचारून बघितलेलं आहे. २००६ चा 'जीझस कॅम्प' हा अमेरिकी माहितीपट नॉर्थ डकोटातल्या मुलांच्या धार्मिक शिबिराचा. लेकरं त्यात भरपूर बोलतात. रडतात, शपथा घेतात, परक्या माणसाला गाठून धर्म समजावतात. आपल्याकडचं उदाहरण निशा पहुजा यांचा 'द वर्ल्ड बिफोर हर', २०१२ चा. अर्धा मुंबईतल्या मिस इंडियाच्या तालमीत आणि अर्धा औरंगाबादच्या दुर्गा वाहिनीच्या शिबिरात. त्यातली शिबिरात वाढलेली तरुण मुलगी वडिलांच्या माराबद्दल सांगते आणि लगेच म्हणते, त्यांनी मला जगू दिलं, पोटातच मारलं नाही, म्हणून मी त्यांना माफ करते. बघणाऱ्याच्या अंगावर काटा येतो. तिच्या आवाजात तक्रारीचा मागमूस नाही. लेकरू आत असताना विचारलं की ते आतले शब्द बोलतं, त्याच्याजवळ दुसरे शब्दच नसतात. त्या काळात मी हिला माइक दिला असता तर हिनेही महाराजांचा जयजयकार केला असता. हे तिलाच पटलं, माझ्या आधी.

मग साक्ष मोठेपणीच मिळते, आणि मोठेपणी आठवणीवर बोट ठेवणारे उभे असतात. तू लहान होतीस. तुला काय आठवणार? कोणी शिकवलं तुला? अशा वेळी जुनी टेप कामाला येते, ती दुसऱ्या अर्थाने. विल अ‍ॅलन नावाचा अमेरिकी माणूस एका गुरूच्या गटात बावीस वर्षं होता आणि गटाचा शूटिंगवाला होता. माझीच जात! गुरूचं तेज दाखवणारं तेच चित्रण घेऊन त्याने बाहेर पडल्यावर 'होली हेल' केला, २०१६ मध्ये. एकही दृश्य खोटं नाही, एकही नव्याने घडवलेलं नाही. मधे फक्त लोक आता काय सांगतात ते ठेवलं. तेवढ्याने त्या हसऱ्या चेहऱ्यांचा अर्थ उलटतो.

आता वऱ्हाडात येतो, कारण इथे एक धागा आहे जो अकोल्यातही कमी लोकांना ठाऊक आहे. १८८७ मध्ये अमेरिकेत ए. बी. सिम्प्सन यांनी जी संस्था काढली, पुढे ख्रिश्चन अँड मिशनरी अलायन्स म्हणून ओळखली गेलेली, तिचं मराठी मुलखातलं मुख्य ठाणं होतं अकोला. अकोटला जेनी फुलर ही मिशनरी बाई राहत होती. हिंदुस्थानातल्या बायकांच्या हालांवर तिने लिहिलेलं पुस्तक १९०० मध्ये आलं आणि त्याला पंडिता रमाबाईंची प्रस्तावना होती. त्याच वर्षी वऱ्हाडावर संवत छप्पन्नच्या दुष्काळाचा घाला. मायबाप मेलेली, टाकून दिलेली, किंवा मूठभर ज्वारीसाठी कोणाच्या तरी हाती दिलेली लेकरं मिशनने गोळा केली. अकोला-खामगावाकडे अनाथालयं उभी राहिली. ती नसती तर त्यातली कितीतरी मेली असती. यावर वाद घालणाऱ्याने दुष्काळ वाचलेला नाही. पण मला फोटोंबद्दल बोलायचं आहे. हाडांचा सापळा झालेल्या लेकराचा फोटो आणि काही महिन्यांनी त्याचाच, स्वच्छ कपड्यातला, भरल्या गालांचा. त्या काळच्या मिशन मासिकांचा हा ठरलेला मासला. अमेरिकेतल्या वाचकाने तो बघितला की डॉलर निघे. 'ख्रिश्चन हेरल्ड'च्या वाचकांनी जमवलेल्या मदतीतला मका घेऊन 'क्विटो' नावाचं जहाज १९०० मध्ये मुंबईला लागलं. फोटोने जीव वाचवले, हे खरंच. आणि त्या फोटोतल्या लेकराला आपण कोण, आपलं आधीचं नाव काय, नवं नाव का दिलं, हे कोणी विचारून छापलेलं मला आजवर दिसलं नाही. चौकटीत मधोमध असूनही ते बोलत नाही. आमच्या सप्ताहांच्या कॅसेटचे पूर्वज मला त्या मासिकांत दिसतात.

याच अलायन्सची पश्चिम आफ्रिकेतल्या गिनी देशात मामू इथे एक निवासी शाळा होती, १९७१ पर्यंत चाललेली. ती स्थानिक मुलांसाठी नव्हती. मिशनऱ्यांची स्वतःची मुलं तिथे ठेवत, म्हणजे आईबाप देवाच्या कामाला मोकळे. मुलं वर्षातले बहुतेक महिने आईबापांपासून दूर असत आणि घरी लिहिलेली पत्रं मोठी माणसं आधी वाचत. मार, उपाशी ठेवणं, लैंगिक अत्याचार, काय नव्हतं! तक्रार करायची कोणाकडे? आपण तोंड उघडलं तर बापाचं काम अडेल आणि त्या कामावाचून आफ्रिकेतली माणसं नरकात जातील, असं लेकराला सांगितलेलं. ती मुलं चाळिशी-पन्नाशीची झाल्यावर एकत्र आली. त्यांनी लावून धरलं म्हणून संस्थेला नव्वदच्या दशकात स्वतंत्र चौकशी आयोग नेमावा लागला आणि त्याच्या अहवालाने त्यांचं म्हणणं खरं ठरवलं. २००८ मध्ये स्कॉट सोलरी आणि लुसी वेस्टफाल यांनी 'ऑल गॉड्स चिल्ड्रन' या माहितीपटात तीन कुटुंबांची ही गोष्ट मांडली. अकोल्यात असं काही घडलं असं मी म्हणत नाही, माझ्याजवळ तसा एक कागदही नाही. मला त्या चित्रपटात सगळ्यात जास्त भिडलं ते म्हाताऱ्या आईबापांचं बोलणं. त्यांनीही फसवणूकच सोसली होती. लेकरू दिलं ते विश्वासाने दिलं.

लेकरू देण्याची चाल आपल्याकडे काही परकी नाही. नवसाचं पोर खंडोबाला वाहिलं की ते वाघ्या, पोरगी असली तर मुरळी. मठाला, गादीला मूल देणारी घरं आमच्या पंचक्रोशीत मी पाहिली आहेत. त्यात कुठे उपाशी घराची निकड असते, कुठे निव्वळ श्रद्धा. मुंबई इलाख्याने देवदासी प्रथेविरुद्ध १९३४ मध्ये कायदा केला. अलीकडचा, नरेंद्र दाभोलकरांच्या खुनानंतर मंजूर झालेला २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदा अघोरी प्रकारांना हात घालतो. पण गुरुवारची वही आणि आईचा अबोला कोणत्या कलमात बसवणार? म्हणून तर चित्रपट.

मुलाखत कशी घ्यायची हे शिकवायला मी परदेशी उदाहरणं देत नाही. गाडगेबाबांचं कीर्तन ऐकवतो. शेंडगावात जन्मलेला, अमरावतीजवळ वलगावच्या वाटेवर देह ठेवलेला हा आमचा माणूस. कोणाचा गुरू व्हायला त्याने जन्मभर नकार दिला, पाया पडणाऱ्याला काठी दाखवली. ८ नोव्हेंबर १९५६ ला वांद्र्याच्या पोलीस ठाण्यातलं त्यांचं कीर्तन टेपवर आहे. त्यानंतर दीड महिन्याच्या आत बाबा गेले. ऐका ते. निम्मं कीर्तन प्रश्नांचं आहे. छोटा प्रश्न, साध्या बोलीत, आणि मग समोरच्या हजारो लोकांना उत्तर देईपर्यंत सोडायचं नाही. उत्तर लोकांच्याच तोंडून यायला हवं. टीव्हीवरचे आमचे आजचे पत्रकार प्रश्नातच उत्तर कोंबतात आणि समोरच्याकडून नुसती मान डोलावून घेतात.

ती मुलगी हे लवकर शिकली. सध्या ती ओळीतली बाकीची लेकरं शोधते आहे, टेपमधले चेहरे थांबवून, मोबाइलवर फोटो काढून. एक जण दर्यापूरला टायरच्या दुकानात सापडला. म्हणाला, माझं तोंड झाका, माझ्या सासरच्यांना हे माहीत नाही. एक नागपुरात आहे, तो म्हणतो, झाकू नका, मला दिसू द्या. एक अजून आतच आहे. तिला विचारायला जायचं की नाही यावर आमचे दोन सूर आहेत. मी म्हणतो जाऊ नये, आत्ता विचारलं तर ती आतले शब्द बोलेल आणि नंतर तेच तिच्या गळ्याशी येतील. मुलगी म्हणते, विचारलं तरी कोणीतरी, एवढं तिला कळेल. अमरावतीतला एक वकील फुकट सल्ला देतो. त्याने एकच कडक अट घातली आहे: जी मुलं आजही अठराच्या आतली आहेत त्यांचा चेहरा, नाव, गाव, शाळा, काहीही दिसता कामा नये. पॉक्सो कायद्याचं तेविसावं कलम त्याने आम्हाला मोठ्याने वाचून दाखवलं.

तिची आई बोलायला तयार झाली हे मात्र अनपेक्षित होतं. बाप अजून महाराजांकडेच असतो. आई बाहेर पडली, बहिणीकडे राहते. कॅमेरा लावला, मी दाराबाहेर बसलो, मायलेकी आत. मुलीने विचारलं, मी सात वर्षांची असताना तीन दिवस मला जेवण नव्हतं, ते तुला आठवतं का? आई म्हणाली, 'उपाशी कोनी ठेवलं तुले? दोन्ही टाइम जेवत होती तू. एकादशीचा उपास होता, मोठ्यायसोबत तूनंही धरला.' मुलगी गप्प. मग विचारलं, माझ्याशी बोलणं बंद केलं होतंस ते? आईने बराच वेळ घेतला आणि म्हणाली, हो, ते केलं होतं, पंधरा दिवस. मुलीच्या हिशेबाने ते दोन महिने होते.

संकलनाला बसलो तेव्हा तिने उपवासाचं उत्तर काढून टाकायला सांगितलं. आई खोटं बोलते म्हणून. मी म्हटलं, खोटं बोलत असेल, किंवा तिला तसंच आठवत असेल. तीन दिवस तुझे, एकादशी तिची, पंधरा दिवस तिचे, दोन महिने तुझे. चारही ठेवू, कोणाचं कोणतं ते खाली लिहून. ती म्हणाली, लोक मग आईवरच विश्वास ठेवतील. ठेवतील काही, म्हटलं मी.

त्यावरून आमचं भांडण अजून चालू आहे.